कोर्टाच्या कागदावरचं 'वजा' : मराठीत काय म्हणायचं?

खानापूरकर :
मंडळी, एका शब्दावर अडलोय. शेजारच्या काकांचा बांधाचा दावा चालू होता, पावसात भातलावणीच्या गडबडीत तारखेला गेले नाहीत, वकीलही नव्हते म्हणे, आणि आता हातात कन्नड कागद आलाय, त्यात 'दावे वजा' लिहिलंय. वर 'गैरुहाजरी' आहे ते कळलं, आपलं गैरहजेरीच. पण वजा म्हणजे आपल्याकडे बेरीज-वजाबाकीतलं. घरात सगळे म्हणतात दावा फेटाळला, हरलो. तसंच म्हणायचं का?

निपाणीकर :
नाही हो, फेटाळला नका म्हणू. फेटाळला म्हणजे कोर्टानं दोघांचं ऐकलं, पुरावा बघितला आणि तुमचं म्हणणं मानलं नाही. इथं काही ऐकलेलंच नाही, पुकारा झाला, वादी नाही, दावा काढून टाकला. आमच्याकडं जुनी माणसं 'गैरहजेरीत काढून टाकला' असंच म्हणतात आणि तेच नेमकं आहे. हे मी एवढं ताणून धरतोय कारण 'फेटाळला' ऐकलं की माणूस हाय खाऊन घरी बसतो, आणि दावा परत नंबरवर घ्यायच्या, म्हणजे तोच दावा पुन्हा चालू करून घ्यायच्या, अर्जाला मुदत फक्त 30 दिवसांची असते.

चिकोडीची :
'खारीज' चालेल का? पेपरात तोच असतो.

निपाणीकर :
चालतो ताई, पण खारीज काय आणि कन्नडातलं वजा काय, दोन्ही शब्द दोन्हीकडं वापरतात, ऐकून निकाल दिला तरी आणि न ऐकता काढला तरी. म्हणून नुसतं खारीज न म्हणता 'गैरहजेरीमुळे खारीज' म्हणा. 1908 च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत आदेश 9 मध्ये हे सगळं आहे. दोघंही आले नाहीत तर नियम 3, मग परत नवा दावाही घालता येतो, मुदत शिल्लक असली तर. प्रतिवादी आला आणि वादी नाही तर नियम 8, आणि तिथं त्याच कारणावर नवा दावा बंद, जुनाच उघडून घ्यावा लागतो, न येण्याचं सबळ कारण दाखवून. आणि वादी आला, प्रतिवादी नाही, तर ते 'एकतर्फी', ते वेगळं, त्यात दावा चालूच राहतो.

चिकोडीची :
मग चेकच्या केसमध्ये फिर्यादी गेला नाही तर? तिथल्या कागदावर 'खुलासे' असतं, आपल्याला वाटतं काहीतरी खुलासा मागितलाय.

निपाणीकर :
कन्नडातलं खुलासे म्हणजे आरोपी निर्दोष सुटला. तो दावा नव्हे, फौजदारी केस, त्याच कोर्टात परत उघडता येत नाही, वर जावं लागतं.
खानापूरकर, काकांच्या कागदावर प्रतिवादी हजर होता का ते आधी बघा की. आणि 30 दिवस हुकुमाच्या तारखेपासून मोजतात, कागद हातात आला त्या दिवसापासून नाही. मुदत उलटली असली तर उशीर माफीचा अर्ज सोबत जोडायला सांगा वकिलांना.

खानापूरकर :
प्रतिवादी हजर होता असं लिहिलंय. उद्याच काकांना घेऊन जातो.