ऐंशी वर्षांनी उजळणारा तारा: आधी गणित की आधी मुलूख?

तापीकाठ: आपण मिळून रचतोय त्या काल्पनिक मुलखाला तापीसारखी नदी आहे, उत्तरेला सातपुड्यासारखी रांग आहे, अक्षांश जळगावचा आणि आकाशही आपलंच आहे. मसुद्यात लिहिलंय की तिथे दर ऐंशी वर्षांनी बरोबर आखाजीला, म्हणजे अक्षय तृतीयेला, नवा तारा उगवतो आणि रात्रीचा दिवस होतो. माझा विरोध या शेवटच्या तीन शब्दांना आहे. याचा खरा नमुना उत्तर मुकुट या तारकासमूहात आहे, टी कोरोनी बोरिॲलिस. तिथला श्वेत बटू, म्हणजे विझत आलेल्या ताऱ्याचा छोटा, घट्ट गाभा, शेजारच्या तांबड्या राक्षसी ताऱ्याकडून हायड्रोजन ओढतो. थर पुरेसा साचला की त्याचा भडका उडतो. असे भडके 1866 आणि 1946 साली दिसले. ताऱ्याच्या तेजाची प्रत जितकी लहान तितका तो ठळक. एरवी दहाव्या प्रतीचा हा तारा काही तासांत दुसऱ्या-तिसऱ्या प्रतीपर्यंत चढतो आणि आठवडाभरात नुसत्या डोळ्यांना दिसेनासा होतो. एवढ्या तेजात कोणाची सावलीसुद्धा पडत नाही.

लळिंग: मग तारा जवळ आणा की! मुलूख आपला, अंतर आपल्या हातात. खरा तारा साधारण 3000 प्रकाशवर्षांवर आहे, आपला 30 वर ठेवा. शंभरपट जवळ म्हणजे दहा हजारपट तेज, म्हणजे दहा प्रती वर. दुसऱ्या प्रतीचा भडका उणे 8 वर जातो. शुक्र फार तर उणे 4.9 पर्यंत पोचतो. आता सावली पडेल.

तापीकाठ: पडेल, पण भाऊ, गणित दोन्हीकडे लावा. भडक्याला दहा प्रती दिल्या तर शांत ताऱ्यालाही द्याव्या लागतात. दहाव्या प्रतीचा तो थेट शून्य प्रतीवर येतो, म्हणजे बारा महिने ठळक तांबडा दिसणार. मग तो 'नवा' कुठे राहिला? त्या मुलखातल्या पोरासोरांनाही तो नावानिशी माहीत असणार. आणि पौर्णिमेचा चंद्र उणे 12.7 असतो, हा भडका त्याच्या पंच्याहत्तर पटीने फिका. एवढ्या उजेडात डोळ्यांना रंग कळत नाहीत. झोक्यावरच्या बाईचं लाल लुगडं काळंच दिसेल. मसुद्यात ते 'पेटल्यासारखं लाल' आहे, ते काढावंच लागेल.

लळिंग: हे मान्य, लुगडं काळं करू. मला तर ते जास्त भावलं. ओळखीचा तांबडा तारा एका रात्री उसळतो, यात नव्या ताऱ्यापेक्षा जास्त धाक आहे. पण कारण पानावर आणायला माझा विरोध कायम आहे. गावाला श्वेत बटू माहीत नाही. वाचकाला सावली दाखवा. तारा बिंदूएवढा, म्हणून सावलीला पुसट कड नसते. केळीच्या फाटक्या पानातली चीर न् चीर जमिनीवर कोरल्यासारखी उमटेल. गणित दारामागे राहू द्या.

पाटणा: दोघांचीही तिथीकडे नजर गेलेली नाही. असा भडकणारा तारा म्हणजे नवतारा, आणि त्याला तिथी पाळता येत नाही. थर साचायला कधी कमी वेळ लागतो, कधी जास्त. 1866 चा भडका मे महिन्यातला, 1946 चा फेब्रुवारीतला. ठरल्या दिवशी येणारं काही हवं असेल तर ग्रहण घ्या, त्याचं गणित बांधता येतं, पण ते अमावास्येला किंवा पौर्णिमेलाच होतं, तेव्हा आखाजी सोडावी लागेल. नवताराच ठेवायचा असेल तर मसुद्यातलं 'दर' काढून टाका आणि एका खेपेला तो योगायोगाने आखाजीला आला असं लिहा. रात्र म्हणून आखाजी उत्तमच आहे. तृतीयेची कोर रात्री लवकर मावळते, हा तारा दिवेलागणीला पूर्व-ईशान्येला उगवतो आणि मध्यरात्रीनंतर जवळजवळ डोक्यावर येतो. क्षितिजाजवळ वैशाखातल्या धुळीने तो मंद आणि अधिकच तांबूस दिसेल, म्हणून सावल्या पहिल्या प्रहरी नकोत. कोणीतरी कानबाईची, म्हणजे खानदेशातल्या देवीच्या उत्सवाची, रात्र सुचवली होती, ती श्रावणातली. ढगांत काय दिसणार?

लळिंग: तिथी सोडायला मी तयार नाही. भाकीत चुकलं तर माणसं काय करतात, हाच तर कथेचा गाभा आहे.

पाटणा: मग भाकीत करणारी माणसं आधी उभी करा. ऐंशी वर्षांनी येणारा भडका एका आयुष्यात दोनदा पाहणं जवळपास अशक्य, तोंडी आठवणीवर ते टिकणार नाही. चाळीसगावजवळ पाटणच्या शिलालेखात भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी नातू चांगदेवाने मठ स्थापल्याची नोंद आहे. तसा एक मठ या मुलखात हवा. किमान तीन भडक्यांच्या लेखी नोंदी असल्या तरच दोन अंतरं मिळतात, आणि ती सारखी नाहीत हे तिथल्याच कोणाच्या तरी लक्षात येईल.

तापीकाठ: मठ घेऊ. पण नोंदीत तिथीसोबत शेजारच्या ताऱ्यांशी तुलना हवी, 'अमक्याहून ठळक, तमक्याहून फिका' अशी. नुसतं 'फार तेजस्वी' लिहिलं तर पुढच्या पिढीच्या हाती काहीच लागत नाही.