मूळ डिस्क घेतलेल्याने क्रॅक (नकलेविरुद्धचं कुलूप तोडलेली गेमची फाइल) वापरला तर बिघडलं कुठे?

खाडीकाठ (धागाकर्ता)

2006 साली पहिल्या पगारातून लॅमिंग्टन रोडवर 999 रुपयांना कारच्या शर्यतीचा एक गेम घेतला. बाहेर फूटपाथवर तोच गेम प्लॅस्टिकच्या पाकिटात 100 रुपयांना मिळत होता. मी नुकताच प्रोग्रामिंगच्या नोकरीला लागलो होतो, दुसऱ्याच्या मेहनतीचे पैसे द्यायचे हे मनाशी पक्कं होतं, म्हणून मूळ डिस्क घेतली.

डबा अजून जपून ठेवलाय. गेल्या आठवड्यात मुलीला दाखवावा म्हणून यूएसबीवरचा डीव्हीडी ड्राइव्ह आणला आणि विंडोज 11 च्या लॅपटॉपवर गेम टाकला. इन्स्टॉल सुरळीत झाला. आयकॉनवर डबल क्लिक केलं की परवानगी विचारतो, हो म्हटलं की ड्राइव्ह घरघरतो, कर्सरशेजारचं निळं चक्र दोन सेकंद फिरतं आणि संपलं. ना खिडकी, ना एरर. टास्क मॅनेजर उघडा ठेवून पाहिलं, तर गेमचं नाव यादीत येतं आणि लगेच नाहीसं होतं.

ज्याला विचारावं तो सांगतो, अँटिव्हायरस बंद कर, ग्राफिक्स ड्रायव्हर नवा टाक, कंपॅटिबिलिटीत जुनं विंडोज एक्सपी निवड, नाहीतर विंडोजच फॉरमॅट मार. फॉरमॅट सोडून तीन रात्री सगळं केलं. रोग रेड्याला आणि औषध पखालीला!

घोडं पेंड कुठे खातंय ते शेवटी डिस्क उघडून पाहिल्यावर कळलं. आत 00000001.टीएमपी नावाची फाइल आहे. ही सेफडिस्कची खूण. 1998 च्या सुमारास मॅक्रोव्हिजन कंपनीने आणलेलं हे कुलूप. डिस्कवर मुद्दाम असे भाग ठेवायचे की त्यांची साध्या रायटरवर नक्कल होऊ नये, आणि गेम उघडताना ते भाग तपासायचे. ही तपासणी सेकड्राइव्ह डॉट सिस नावाच्या ड्रायव्हरमार्फत, म्हणजे विंडोजच्या आत बसणाऱ्या छोट्या प्रोग्राममार्फत होते. मायक्रोसॉफ्टने 2015 मध्ये विंडोज 10 आणताना हा ड्रायव्हरच काढून टाकला. कुलूप आहे, किल्ली आहे, किल्ली फिरवणारा हात नाही.

माझं म्हणणं सरळ आहे. ज्याने फूटपाथवरून घेतला त्याचा गेम आजही चालतो, कारण त्यातलं कुलूप आधीच तोडलेलं होतं. ज्याने पैसे मोजले त्याचाच बंद पडला. अशा माणसाने क्रॅक केलेली ईएक्सई, म्हणजे गेम सुरू करणारी फाइल, उतरवून वापरली तर त्यात चूक काय? मला तरी दिसत नाही.

तिसरा_मजला

चूक आहे. नीतीचं बाजूला ठेवा, मी मशीनबद्दल बोलतोय.

मी चौदा वर्षं ऑफिसांची नेटवर्क सांभाळतोय. एका छोट्या फर्ममध्ये हिशेबाच्या कॉम्प्युटरवर कुणीतरी जेवणाच्या सुट्टीत खेळायला अशीच एक ईएक्सई टाकली. गेम व्यवस्थित चालला. दोन आठवड्यांनी सोमवारी सकाळी प्रत्येक एक्सेल फाइलच्या नावापुढे अनोळखी अक्षरं आणि डेस्कटॉपवर पैसे मागणारी चिठ्ठी. बॅकअपची हार्ड डिस्क त्याच मशीनला जोडलेली होती, तीही गेली. त्या बाई डोळे पुसत बसल्या होत्या, वर्षाअखेरचे हिशेब त्यांनी हाताने पुन्हा घातले.

क्रॅक चालवताना अँटिव्हायरस ओरडतोच, म्हणून लोक तो आधी बंद करतात. म्हणजे चोराला बोलवायचं आणि वर कुत्रा बांधून ठेवायचा. फाइल कुणी बनवली, मध्ये कुणी काय घातलं, कळायला मार्ग नाही. तुमच्याकडे मूळ डिस्क आहे म्हणून ती फाइल सुरक्षित होत नाही.

आणि तो ड्रायव्हर उगाच काढला नाही. 2007 मध्येच त्यात अशी फट सापडली होती की साध्या वापरकर्त्याच्या खात्यातून पूर्ण मशीनचा ताबा घेता येईल. तेव्हा दुरुस्ती आली. पुढे सप्टेंबर 2015 मध्ये विंडोज व्हिस्टा, 7 आणि 8 वरही तो अपडेटमधून बंद केला गेला. काही व्हिडिओंत जुना ड्रायव्हर परत टाकून विंडोजचं ड्रायव्हरवरची डिजिटल सही तपासणं बंद करायला सांगतात. हात जोडून सांगतो, ते करू नका.

मनमाड_जंक्शन

तिसरा मजला, तुमचं सगळं मान्य. पण मग त्या माणसाने 999 रुपयांची डिस्क भिंतीवर टांगायची का?

सोलापूर_हार्डवेअर

दुकानात रोज हेच बघतो म्हणून लिहितोय. खाडीकाठ साहेबांनी कारण शोधलं, त्यांचं कौतुक. पण इथे वाचून उद्या प्रत्येक जण आपल्या बंद गेमला सेफडिस्कचं नाव देईल आणि क्रॅक शोधत फिरेल. माझ्याकडे येणाऱ्यांचं दुखणं बहुतेक वेळा वेगळंच निघतं.

"डीथ्रीडीएक्स9 अमुक डीएलएल सापडत नाही" असं आलं तर डायरेक्टएक्सचे (गेमचं चित्र आणि आवाज सांभाळणारा विंडोजचा भाग) जुने भाग हवेत. मायक्रोसॉफ्टचा जून 2010 चा संच टाकला की काम होतं, नवीन डायरेक्टएक्स असला तरी तो वेगळा टाकावा लागतो. डायरेक्टप्ले (जुन्या गेमना नेटवर्कवर खेळण्यासाठी लागणारा भाग) मागत असेल तर कंट्रोल पॅनलमध्ये विंडोजच्या फीचर्सच्या यादीत खाली जुन्या घटकांत खूण करायची. आणि सेटअपच उघडत नसेल, "हे ॲप तुमच्या पीसीवर चालणार नाही" म्हणत असेल, तर बऱ्याचदा सेटअप 16 बिटचा, म्हणजे फार जुन्या विंडोजच्या पद्धतीचा असतो. नव्वदच्या दशकातले कित्येक गेम 32 बिटचे, पण त्यांचा सेटअप मात्र 16 बिटचा. 64 बिट विंडोज तो चालवतच नाही, आणि विंडोज 11 फक्त 64 बिटमध्येच येतं.

मागच्या महिन्यात एक मुलगा आला, तीन क्रॅक टाकून झाले होते. इव्हेंट व्ह्यूअर (विंडोजची बिघाडांची नोंदवही) उघडला, त्यात डीएलएलचं नाव सरळ लिहिलेलं होतं. दहा मिनिटांचं काम. क्रॅक काढायला मात्र दुपार गेली.

वकिलीण_बाई

कायद्याचं थोडं सांगते, कारण दोन्ही बाजूंनी अंदाजाने बोललं जातं.

आपल्या कॉपीराइट कायद्याच्या कलम 52(1)(एए) नुसार, ज्याच्याकडे प्रोग्रामची प्रत कायदेशीररीत्या आहे त्याला, तो प्रोग्राम ज्या कामासाठी दिला होता त्या कामासाठी वापरता यावा म्हणून प्रत करण्याची किंवा त्यात बदल करण्याची मुभा आहे. 2012 च्या दुरुस्तीने आलेलं कलम 65ए कुलूप तोडण्याला शिक्षा सांगतं, दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड. पण त्यात हक्कभंग करण्याच्या हेतूने हे शब्द आहेत. स्वतःच्या डिस्कवरचा गेम स्वतःच्या घरी उघडणाऱ्याचा तो हेतू नसतो, असं माझं वाचन आहे. तीच फाइल सगळ्यांना वाटत बसणाऱ्याची गोष्ट वेगळी. म्हणून खाडीकाठ, हक्काच्या बाजूने मी तुमच्याकडे आहे. कुठलीही फाइल उतरवा, असा मात्र याचा अर्थ होत नाही.

नवी_आवृत्ती

मला हा वादच पटत नाही. जुना गेम आवडतो ना, मग पुन्हा विकत घ्या. एज ऑफ एम्पायर्स 2 हा 1999 चा. 2013 मध्ये एचडी आवृत्ती आली, 2019 मध्ये डेफिनिटिव्ह आली, आजही लोक ऑनलाइन खेळतात. जीओजी हे ऑनलाइन दुकान तर 2008 पासून जुने गेम नव्या विंडोजवर चालतील असे करून, कुलूप काढूनच विकतं. कुणीतरी बसून ते काम केलंय, त्याचे पैसे द्यायला हवेत. वीस वर्षांपूर्वीच्या 999 रुपयांत आयुष्यभराची दुरुस्ती कुठल्या वस्तूला मिळते?

खाडीकाठ

नवी आवृत्ती, मिळत असता तर आजच घेतला असता. माझा गेम कुठेही विक्रीला नाही. पुन्हा काढलाही नाही. शर्यतींच्या गेममध्ये खऱ्या गाड्या आणि गाणी असतात, त्यांच्या परवानग्या ठरावीक मुदतीच्या असतात, त्यामुळे असे कितीतरी गेम दुकानांतून उतरतात. विकणाऱ्याने हात वर केले आणि कुलूप तसंच सोडलं. दुरुस्ती मी मागतच नाही. ज्या दिवशी विक्री थांबवली त्या दिवशी एक छोटा पॅच काढून तपासणी बंद करायची, एवढंच.

मनमाड_जंक्शन

हेच तर. द क्रू हा शर्यतीचा ऑनलाइन गेम 31 मार्च 2024 ला सर्व्हर बंद करून संपवला, विकत घेतलेल्यांच्या हातात काही उरलं नाही. त्यातून स्टॉप किलिंग गेम्स ही चळवळ उभी राहिली आणि 2025 मध्ये युरोपात तिच्या मागणीवर 10 लाखांवर सह्या झाल्या. तिथले लोक भांडतात, आपण क्रॅक शोधतो. भांडलं पाहिजे आपणही.

तिसरा_मजला

भांडा, सही मीही करीन. पण मशीनवर काय चालवायचं ते आज रात्री ठरवायचं आहे, म्हणून माझी भूमिका तीच.

खाडीकाठ, एक तिसरी वाट आहे. सेफडिस्कशिम नावाचं छोटं साधन आहे, सोर्स कोड उघडा आहे, ज्याला समजतं तो वाचू शकतो. गेम ड्रायव्हरला जे विचारतो ते हे मध्येच अडवून स्वतः उत्तर देतं, त्यामुळे तो धोक्याचा ड्रायव्हर बसवावाच लागत नाही. कुलूप तोडत नाही, तुमची मूळ डिस्क ड्राइव्हमध्ये लागतेच. सेफडिस्कच्या दुसऱ्या आवृत्तीपासून पुढच्या गेमसाठी आहे, 2006 मध्ये घेतलेला म्हणजे तुमचा त्यात बसायला हवा. प्रकल्पाच्या मूळ पानावरूनच घ्या, दुसऱ्या कुणी चढवलेली प्रत नको. तरीही ज्या लॅपटॉपवर बँकेचे व्यवहार करता त्यावर मी स्वतः टाकणार नाही, घरातला दुसरा एखादा मोकळा असेल तर त्यावर टाका.

सोलापूर_हार्डवेअर

आणि एक्सपीचा जुना कॉम्प्युटर कुणाच्या माळ्यावर असेल तर भंगारात देऊ नका. नेटची वायर न लावता वापरला तर या सगळ्यापेक्षा निवांत. व्हर्च्युअल मशीनमध्ये (कॉम्प्युटरच्या आत चालणारा आभासी कॉम्प्युटर) एक्सपी टाकून पाहिला होता, पण थ्रीडी गेमला ग्राफिक्सचा जोर मिळत नाही, गाडी अडखळत पळते.

खाडीकाठ

तिसरा मजला, हे साधन माहीत नव्हतं. क्रॅकबद्दलचं माझं मत बदललेलं नाही. जिथे अशी वाटच नसेल तिथे मूळ डिस्कवाल्याला दोषी धरणं मला मान्य नाही. पण वाट असताना अनोळखी फाइल कशाला, हे पटलं.

बायकोचा जुना लॅपटॉप मोकळा आहे, रविवारी त्यावर करतो. डिस्कच्या बाहेरच्या कडेला नखाएवढा ओरखडा आहे. इन्स्टॉल करताना तिथे ड्राइव्ह दोनदा अडखळला होता. तपासणीच्या वेळी तेवढा भाग वाचला गेला पाहिजे.