पोरसवदा वागण्याने असतो का?

नीरक्षीर: 'वर्काहोलिक्स' या अमेरिकी विनोदी मालिकेच्या पहिल्या सीझनची (२०११, १० भाग) ओळख लिहितोय. कॅलिफोर्नियातल्या रँचो कुकामोंगाचे तिघे दोस्त. राहतात एका घरात, बसतातही टेलिमार्केटिंगच्या हापिसात एकाच क्युबिकलमध्ये. पहिल्याच भागात ड्रग टेस्टला गंडवायची धावपळ. मी 'पोरसवदा मित्र' लिहिलं, तर बहीण म्हणते पोरसवदा वयाने असतो, वागण्याने नाही. आमच्याकडे तर सर्रास वागण्यालाच म्हणतात.

जुनी_वही: बहीण बरोबर. नुकतं मिसरूड फुटलेला तो पोरसवदा. तिशीतला हवालदारही पोरसवदा 'दिसतो', 'वागतो' कोणी म्हणत नाही. तुमचे ते पोरकट.

मिरजकर: पोरकट फारच मिळमिळीत. हूड म्हणा. शब्द कानडीतला, हुडुग म्हणजे मुलगा.

जुनी_वही: सीमाभागातल्यांना सगळंच कानडीतून आलेलं दिसतं.

चिकू: हूड पोर झाडावर चढतं, हे तिघे सोफ्यावरून उठत नाहीत. उडाणटप्पू! हिंजवडीत कॉल सेंटरच्या रात्रपाळीला आमचा टीएल, म्हणजे टीम लीडर, हेच म्हणायचा. गिऱ्हाईक म्यूटवर टाकून आम्ही चाकांच्या खुर्च्यांची शर्यत लावायचो, तिकडे बिचारा हॅलो हॅलो करतोय.

शुद्धमती: सीझन, टीएल, म्यूट... 'पर्व' म्हणायला काय होतं?

चिकू: पर्वं अठरा असतात हो. यांची २०१७ला सातातच आटोपली.

शुद्धमती: थट्टा पुरे. टेलिमार्केटर म्हणजे दूरध्वनी-विक्रेता.

मिरजकर: तो फोन विकणारा झाला!

जुनी_वही: क्युबिकलला आमच्या बँकेत खुराडं म्हणत. कोणी शब्द घडवला नव्हता, दोन दिवसांत रुळला.

नीरक्षीर: मूळ प्रश्न राहिला. शिवाय त्यांची साहेबीण अ‍ॅलिस, तिला 'खमकी' चालेल?

चिकू: खमकी कसली, कजाग! तोंड सुटलं की थांबत नाही.

शुद्धमती: कजाग कज्ज्यावरून आला. कज्जे करणारी ती कजाग.

जुनी_वही: अजिबात नाही. तुर्की कज्जाक, म्हणजे ते रशियातले कोसॅक. आधी लुटारू, मग भांडखोर.

मिरजकर: कोसॅक आमच्या आळीत कधी आले?

नीरक्षीर: पोरसवदा खोडू की ठेवू?

शुद्धमती: थांबा जरा. कज्जाकमधला शेवटचा 'क' जाऊन 'ग' कसा झाला, ते आधी सांगू द्या त्यांना.