मदत हवी आहे: डेनियनसाठी दगड कुठला लावायचा?

नाशिकच्या शालेय प्रदर्शनासाठी पॅलिओसीनची (डायनोसॉर संपल्यानंतर लगेचच्या भूवैज्ञानिक काळाची) कालपट्टी करतोय. 1 सेंमी = 1 लाख वर्षं; म्हणजे डेनियन (पॅलिओसीनचा पहिला टप्पा, 6.6 ते सुमारे 6.16 कोटी वर्षांपूर्वी) साधारण 44 सेंमी. पट्टी सोपी, नमुना अवघड. इगतपुरीकडचा बेसाल्ट चालणार नाही: तो दख्खनच्या लाव्हाच्या खालच्या थरांतला, डायनोसॉर संपण्याआधीचा. आंबेनळी, महाबळेश्वर हे वरचे थर हवेत. झिओलाइटने (पोकळ्यांत नंतर वाढलेल्या स्फटिकांनी) भरलेला दगड नको (दिसतो मात्र तोच देखणा!), पुढे कुणी वय काढलं, तर बदललेल्या प्लॅजिओक्लेजमधून (बेसाल्टमधल्या एका खनिजातून) वय मोजायला लागणारा आर्गॉन वायू निसटलेला असल्याने ते कमी भरतं.

महाबळेश्वर-पोलादपूर रस्त्यावर ताजा, घट्ट बेसाल्ट सुटा पडलेला नेमका कुठे मिळेल? मुठीएवढे 2 तुकडे पुरेत. आणि पोलादपूर (आंबेनळीच्या खालचा थर) व आंबेनळी या थरांची सीमा भिंगाने कळते, की रासायनिक विश्लेषणच लागतं?