मालिकेतल्या गावात शेतात पिकतं तरी काय?

निफाडकर_पोरगा:
काल आई टीव्हीसमोर कांद्याचं बी निवडत बसली होती. मालिकेतले दादासाहेब कडक इस्त्रीचा पांढरा सदरा घालून बांधावर उभे, भावकीचं भांडण जोरात. आईने विचारलं, "ह्यांच्या वावरात लावलंय काय रे?" मी मागे नेऊन परत पाहिलं. हिरवं काहीतरी होतं. तीन लग्नं झाली, दोन खून झाले, पीक काही कळलं नाही. रात्रीची लाईट आली म्हणून मोटार चालू करायला कुणी उठत नाही, लिलावात भाव पडला म्हणून कुणाचा घास अडत नाही. आणि बोली सगळीकडे कोल्हापूर-साताऱ्याची. 'तुझ्यात जीव रंगला'चं ठीक, ती कोल्हापूरजवळ वसगड्यातच शूट झाली. पण आपलं निफाड-दिंडोरीकडचं गाव कुणी मालिकेत पाहिलंय का?

जुना_अँटेना:
दूरदर्शनवर उलटं होतं. 'आमची माती आमची माणसं'मध्ये पीकच पीक. शेजारी आमच्या ओट्यावर वही घेऊन बसायचे, औषधाचं प्रमाण उतरवून घ्यायला. पण तिथेही बोलणार साहेब, शेतकरी नुसता मान डोलावणार. दिल्लीचं 'कृषि दर्शन' तर 26 जानेवारी 1967 पासूनचं. तेव्हा निदान गव्हाला गहू म्हणायचे!

द्राक्षबाग_दिंडोरी:
आमच्या बागेत शूटिंग झालंय, मालिकेचं नाव नको. आल्या आल्या म्हणे ठिबकच्या नळ्या झाका, औषध फवारायचा ब्लोअर लांब न्या, "गावासारखं वाटत नाही". मग बैलगाडी भाड्याने आणली. आमच्याकडचे बैल जाऊन पंधरा वर्षं झाली.
नायिकेने घड मुठीत धरून ओढला. अहो, देठाला धरायचं, कात्री लावायची, मण्याला बोट लागू द्यायचं नाही; वरचा पांढरा थर पुसला की एक्स्पोर्टवाला नाक मुरडतो. सांगायला गेलो तर, "काका, इमोशनल सीन आहे." चार टेक, चार घड. पेठ-सुरगाण्याच्या ज्या बाया खरंच माल तोडतात, त्यांना तेवढा वेळ शेडमध्ये बसवलं. त्यांची मजुरी मात्र मीच दिली.

निफाडकर_पोरगा:
आईला वाचून दाखवलं. म्हणाली, "कात्री तरी द्यायची होती पोरीला." आणि साडेसातला परत तीच मालिका लावली.