रॅफाइड म्हणजे नक्की काय? (अळू, शेवळं, सुरण यांच्या खाजेबद्दल)

रानभाजी_पेण

नमस्कार मंडळी. आमच्या बचत गटाचा रानभाज्यांचा स्टॉल पावसाच्या तोंडावर लागतो. यंदा शेवळं, तेरं आणि सुरण यांच्याबरोबर द्यायला एक चार पानी पत्रक करतेय. "हे खाजतं का हो?" असं प्रत्येक गिऱ्हाईक विचारतं, म्हणून त्याचं नीट उत्तर छापायचंय.

अडचण अशी की एका पुस्तिकेत "अळूत ऑक्झलेट असते" एवढंच लिहिलंय. दुसरीत "कॅल्शियम ऑक्झलेटचे रॅफाइड्स" आहे, तर तिसरीत चक्क "रॅफाइड नावाचे विषारी द्रव्य". मग रॅफाइड हे द्रव्य आहे का? की ऑक्झलेटलाच रॅफाइड म्हणतात? तसं असेल तर पालकातही ऑक्झलेट भरपूर असतं म्हणे, तो का खाजत नाही?

आणि शेवळातली काकडं, म्हणजे काकड झाडाची आंबट फळं. आमच्याकडे शेवळाचा पिवळा दाणेदार भाग खुडून टाकतात, बाकीचं बारीक चिरून तेलावर चांगलं परततात आणि ठेचलेल्या काकडांचं पाणी घालून शिजवतात. काकडांशिवाय शेवळं करायची नाहीत, हे सासूबाईंनी पहिल्याच वर्षी बजावलं होतं. पत्रकात "काकडाच्या आंबटपणाने ऑक्झलेट विरघळते" असं लिहिलं तर चालेल का?

निवृत्त_वनस्पतीशास्त्र

ताई, प्रश्न फार चांगला विचारलात. पदवीच्या वर्गाला ही स्लाइड मी वर्षानुवर्षं दाखवली आहे, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

रॅफाइड हे द्रव्याचं नाव नाही, आकाराचं आहे. द्रव्य कॅल्शियम ऑक्झलेट. झाड जमिनीतून कॅल्शियम घेतं, ऑक्झलिक आम्ल स्वतः तयार करतं, आणि ठरावीक पेशींत या दोहोंचे स्फटिक बनतात. ते लांब, दोन्ही टोकांना अणकुचीदार असे सुईसारखे झाले तरच त्यांना रॅफाइड म्हणायचं. तेच द्रव्य चांदणीसारख्या काटेरी गोळ्याच्या रूपात दिसलं तर तो ड्रूस. शिवाय चौकोनी वड्यांसारखे स्फटिक असतात, वाळूसारखा भुगाही असतो. म्हणून तुमची तिसरी पुस्तिका बाजूला ठेवा.

स्वतः बघायचं असेल तर जवळच्या शाळा-कॉलेजात सूक्ष्मदर्शक मिळेल. अळूच्या देठाचा पातळ काप काचेवर पाण्याच्या थेंबात ठेवायचा. दहाच्या भिंगाखाली बाकी पेशींपेक्षा मोठ्या, फुगीर पेशी दिसतात आणि त्यांत काडेपेटीतल्या काड्यांसारखा सुयांचा जुडगा असतो. एकेक सुई मिलिमीटरच्या दहाव्या हिश्श्याएवढी किंवा त्याहूनही लहान. अळूच्या कुळात काही पेशी टोकांना उघडतात आणि सुया एकामागोमाग एक बाहेर सुटतात. ते पहिल्यांदा बघणारा विद्यार्थी भिंगावरून डोळा काढत नाही. या कुळातल्या सुयांना बारीक खाचा असतात, काहींना उलटे काटेही.

आता पालक. शंभर ग्रॅम पालकात ऑक्झलेट अर्धा ग्रॅम किंवा त्याहूनही जास्त निघतं, पण त्यातलं बरंचसं पाण्यात विरघळणारं असतं आणि जे स्फटिक असतात ते ड्रूस असतात, सुया नसतात. त्यामुळे खाजेचा हिशोब नुसत्या ऑक्झलेटच्या वजनावर मांडता येत नाही. किती आहे यापेक्षा कोणत्या आकारात आहे, हे आधी बघायचं.

पण आकारावरही गोष्ट संपत नाही. शिजलेल्या फदफद्याचा थेंब काचेवर घ्या, सुया तशाच दिसतील. कॅल्शियम ऑक्झलेट उकळत्या पाण्यात विरघळत नाही. तरी ते फदफदं आपण मिटक्या मारत खातो. म्हणजे सुईबरोबर आणखी काहीतरी हवं. अळूच्या सुयांवर प्रथिनं तोडणारं एक प्रथिन चिकटलेलं असतं, असं संशोधनात आढळलं आहे. सुई टोचते आणि ते आत पोचवते. चांगलं शिजवलं की हे प्रथिन निकामी होतं. किवीच्या फळावरच्या एका प्रयोगात हे स्वच्छ दिसलं: नुसत्या सुया किंवा नुसतं प्रथिन यांनी किड्यांच्या अळ्यांचं फारसं बिघडलं नाही, दोन्ही एकत्र दिल्यावर मात्र अळ्या मेल्या.

म्हणून "काकडाने विरघळते" हे वाक्य छापू नका. प्रयोगशाळेत कॅल्शियम ऑक्झलेट ओळखायची जुनी कसोटीच अशी आहे की ते व्हिनेगरमधल्या अॅसेटिक आम्लात विरघळत नाही. सौम्य हायड्रोक्लोरिक आम्लात विरघळतं आणि तेही बुडबुडे न काढता. बुडबुडे आले तर ती चुनखडी (कॅल्शियम कार्बोनेट) समजायची. पातेलंभर भाजीतल्या सुया संपवण्याइतकी ताकद चिंच, आमसूल किंवा काकडं यांच्यात नाही. मात्र आंबट घालायची रीत पिढ्यांच्या अनुभवातून आलेली आहे, ती सोडायची नाही. सासूबाईंनी बजावलंय तसंच लिहा.

चूर्ण_तपासनीस

सरांच्या म्हणण्याला माझ्या रोजच्या कामातली पुस्ती जोडतो. मी आयुर्वेदिक कच्चा माल तपासतो. ज्येष्ठमधाच्या चुर्णात कॅल्शियम ऑक्झलेट असतं आणि शतावरीच्या मुळातही. अहवालात नुसतं "ऑक्झलेट आहे" लिहिलं तर त्यातून काहीच कळत नाही. ज्येष्ठमधात तंतूंच्या कडेने प्रिझमसारखे स्फटिक ओळीने दिसतात, शतावरीत सुयांचे जुडगे. शतावरीच्या नावाने आलेल्या चुर्णात सुया दिसल्याच नाहीत, तर मी पोतं बाजूला काढतो. "रॅफाइड" हा शब्द आम्ही असाच वापरतो, ओळखीची खूण म्हणून, आणि बहुतेक वेळा अनेकवचनी, कारण एकटी सुई क्वचितच दिसते.

रानकांदा हाताळताना हातमोजे घालतो, त्याच्या सुया चांगल्या लांब असतात.

बाल्कनी_डोंबिवली

माझे दोन प्रश्न. घरात डिफेनबेकिया आहे, पांढऱ्या ठिपक्यांची मोठी पानं. तोही याच कुळातला ना? आणि यजमानांना मुतखडा होऊन गेलाय, त्यांनी अळू खावं का?

निवृत्त_वनस्पतीशास्त्र

हो, अळूच्याच कुळातला, आणि त्याच्या सुया फार त्रासदायक. पान चावलं तर जीभ-ओठ सुजतात, बोलता येत नाही. घरात रांगतं मूल असेल तर कुंडी उंचावर ठेवा.

मुतखड्याचा प्रश्न सुयांपेक्षा विरघळणाऱ्या ऑक्झलेटचा आहे, कारण आतड्यातून रक्तात जातं ते मुख्यतः तेच. उकळून पाणी फेकलं की ते कमी होतं. सोबत दही-ताक घेतलं तर त्यातलं कॅल्शियम ऑक्झलेटला आतड्यातच बांधतं. पण यजमानांचा खडा कोणता होता हे त्यांच्या डॉक्टरांना माहीत असेल, त्यांना विचारूनच ठरवा.

ताई, जागा उरली तर पत्रकात आणखी एक गोष्ट घाला. पापुआ न्यू गिनीतल्या बुका बेटावर किलू नावाची गुहा आहे. तिथल्या सुमारे २८,००० वर्षांपूर्वीच्या दगडी हत्यारांवर अळूवर्गीय पिष्टाचे कण आणि याच सुया सापडल्या. १९९२ साली ते प्रसिद्ध झालं. माणूस अळू चिरतोय त्याला इतका काळ झाला.

रानभाजी_पेण

सर, दादा, मनापासून आभार. मजकूर असा करतेय:

"अळू, शेवळं, सुरण यांत कॅल्शियम ऑक्झलेटचे सुईसारखे सूक्ष्म स्फटिक असतात, त्यांना रॅफाइड म्हणतात. कच्च्या भाजीत या विषारी सुया घशाला टोचतात. म्हणून हाताला तेल लावून चिरा, भाजी पूर्ण शिजवा, आणि शेवळात काकडं, अळूत चिंच किंवा आमसूल जरूर घाला."

निवृत्त_वनस्पतीशास्त्र

छान झालंय. फक्त "विषारी" काढा. त्या शब्दाने गिऱ्हाईक भाजीच टाकून देईल. "पूर्ण शिजवा"च्या पुढे "अर्धीकच्ची चाखून बघू नका" एवढं घाला. आणि काकडांचा फोटो छापाच. शहरातल्या नव्या गिऱ्हाइकाला ती ओळखता येत नाहीत. जमलं तर शेवळाच्या प्रत्येक जुडीला मूठभर काकडं बांधूनच विका.