मदत हवी आहे : गृहकर्जाचे ६० हप्ते भरले, तरी २०८ शिल्लक कसे?

नमस्कार मंडळी,

आम्ही पाच वर्षांपूर्वी वीस वर्षांच्या मुदतीचं गृहकर्ज घेतलं. दर ९ टक्के, बदलता. हप्ता एकदाही चुकलेला नाही. गेल्या आठवड्यात कर्जाचं विवरणपत्र पहिल्यांदाच ओळ न ओळ वाचलं आणि तेव्हापासून डोक्यातून ते आकडे जात नाहीयेत. घरात यावर रोज बोलणं होतंय, पण हिशेब आम्हा दोघांनाही नीट जमत नाही, म्हणून इथे विचारते.

सगळे आकडे एक लाख कर्जामागे देते, म्हणजे ज्याला त्याला आपल्या रकमेने गुणता येतील. आमचा हप्ता लाखाला ८९९.७३. साठ हप्त्यांत जवळजवळ ५४,००० भरून झाले. वीसपैकी पाच वर्षं गेली म्हणजे चौथा हिस्सा तरी फिटला असेल, असं मी धरून चालले होते. विवरणात शिल्लक मुद्दल आहे ८८,७०७. म्हणजे ५४ हजारांतले जेमतेम ११,३०० मुद्दलात गेले आणि ४२,७०० व्याजात.

त्याखालची ओळ आणखी कळेना. २४० हप्त्यांतले ६० गेले की १८० उरायला हवेत. तिथे २०८ लिहिलेत. संस्थेत फोन केला. उत्तर मिळालं की या महिन्यापासून तुमचा दर ९ वरून १० टक्के झालाय, पण आम्ही हप्ता वाढवलेला नाही, मुदत वाढवली आहे. आम्हाला कुणी विचारलं नव्हतं. मेसेज आला असेल तर तो आम्ही वाचलेला नाही, ती चूक आमची.

आता दुसऱ्या एका संस्थेचा माणूस मागे लागलाय. कर्ज आमच्याकडे हलवा, ९ टक्क्यांनी देतो, नवीन वीस वर्षं, हप्ता लाखाला ७९८. महिन्याला शंभर वाचतात, म्हणून नवऱ्याला हे पटलंय. मला मात्र कुठेतरी खटकतंय, पण काय खटकतंय ते सांगता येत नाही.

शिवाय आमच्याकडे लाखाला ५,००० या प्रमाणात थोडी शिल्लक जमली आहे. ती कर्जात भरावी की हाताशी ठेवावी? आणि सगळ्यात मोठा प्रश्न म्हणजे या कर्जाची खरी किंमत काढायची कशी? नुसता दर पाहून काहीच कळत नाही, हे आता लक्षात आलंय. सुरुवातीला प्रक्रिया शुल्क भरलं होतं. कर्जासोबत विमाही घेतला होता आणि त्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवला होता, लाखातले २,००० त्याचेच. हे सगळं कुठे धरायचं?

प्रतिसाद १

ताई, आधी धीर धरा. विवरणातलं शिल्लक मुद्दल बरोबर आहे, तुम्हाला कुणी फसवलेलं नाही.

व्याज दर महिन्याला उरलेल्या मुद्दलावर लागतं. पहिल्या महिन्यात पूर्ण लाख उरलेला असतो. ९ टक्क्यांनी त्याचं महिन्याचं व्याज ७५०. हप्ता ८९९.७३, म्हणजे मुद्दलात गेले फक्त १४९.७३. पुढच्या महिन्यात व्याज तेवढ्या अल्पशा रकमेवरचं कमी होतं, मुद्दलात रुपयाभराने जास्त जातं. हे चाक सुरुवातीला फार हळू फिरतं. दर ९ टक्केच राहिला असता तरी निम्मं मुद्दल फिटायला तुम्हाला चौदा वर्षं लागली असती. उरलेलं निम्मं शेवटच्या सहा वर्षांत फिटतं.

मला स्वतःला उपयोगी पडलेली एक खूण सांगतो. ७२ ला व्याजदराने भागलं की पैसे दुप्पट व्हायला साधारण किती वर्षं लागतात ते कळतं. ९ टक्क्यांना आठ वर्षं. हप्त्यातलं व्याज आणि मुद्दल समसमान केव्हा होतात? मुदत संपायला तेवढीच वर्षं उरली की. तुमच्या मूळ वेळापत्रकात ते १४९ व्या हप्त्याला झालं असतं. वीसऐवजी तीस वर्षांचं कर्ज असतं तरी शेवटची आठच वर्षं मुद्दलाची, त्याआधीची बावीस व्याजाचीच. मुदत लांबवली की काय होतं ते इथे दिसतं. ९ टक्क्यांनी लाखावर पंधरा वर्षांत एकूण व्याज ८२,५६८ होतं, वीस वर्षांत १,१५,९३४ आणि तीस वर्षांत १,८९,६६४. हप्ता मात्र वीसवरून तीस वर्षांवर गेल्यावर ९०० चा ८०५ होतो, इतकाच काय तो फरक.

धागाकर्ती

धन्यवाद. आठ वर्षांची खूण वाचून पहिल्यांदाच चित्र डोळ्यांसमोर आलं. म्हणजे आमच्या पाच वर्षांत वेगळं काही घडलेलं नाही, सगळ्यांचंच असं होतं. पण मग १ टक्का दर वाढला तर २८ हप्ते वाढतात, हेही बरोबरच का?

प्रतिसाद २

हो, बरोबर आहे. मी कर्जविभागात बरीच वर्षं काम केलंय, आणि माझ्या मते तुमच्या धाग्यातला सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न हाच आहे.

दर वाढला की दोनच गोष्टी होऊ शकतात. एक तर हप्ता वाढतो, नाहीतर मुदत. तुमच्या बाबतीत मुदत १८० वरून २०८ झाली. हे जादा हप्ते मिळून होतात लाखाला सुमारे २४,९००. त्याऐवजी मुदत १८० च ठेवून हप्ता वाढवला असता तर तो ८९९.७३ चा ९५३.२५ झाला असता, म्हणजे महिन्याला साडेत्रेपन्न जास्त. पंधरा वर्षांत त्याचे होतात ९,६०० च्या आसपास. दरवाढ तीच आणि कर्जही तेच, पण एका वाटेने साडेनऊ हजार जादा जातात आणि दुसऱ्या वाटेने पंचवीस हजार. आणि बहुतेक कर्जदार ही निवड करतच नाहीत, ती आपोआप होऊन जाते. काउंटरवर लोक विचारतात ते फक्त ‘हप्ता वाढला का?’ एवढंच. नाही म्हटलं की समाधानाने घरी जातात. मला तेव्हाही वाईट वाटायचं.

एक धोक्याची रेषाही कळायला हवी. शिल्लक ८८,७०७ आणि हप्ता ८९९.७३ असताना दर १२.१७ टक्क्यांवर गेला तर सगळा हप्ता व्याजातच संपेल. त्याच्या वर गेला तर हप्ता भरूनही कर्ज वाढत जाईल. कर्ज अगदी नवं असतं तेव्हा ही रेषा आणखी जवळ असते, तुमच्या हप्त्याला १०.८ टक्के. म्हणून पहिल्या काही वर्षांत दरवाढीच्या पत्राकडे दुर्लक्ष करू नये.

आता दुसऱ्या संस्थेबद्दल. तुम्हाला काय खटकतंय ते मी आकड्यांत सांगतो. आहे तिथेच १० टक्क्यांनी २०८ हप्ते भरले तर इथून पुढे एकूण १,८६,९०० जातील. नव्या ठिकाणी ९ टक्क्यांनी पुन्हा वीस वर्षं भरले तर १,९१,५००. दर कमी, हप्ता कमी आणि एकूण भरणा जास्त! कारण फेडलेली पाच वर्षं पुसून नव्याने वीस सुरू झाली. पण तिथेच ९ टक्के घेऊन जुनाच ८९९.७३ चा हप्ता चालू ठेवलात तर १८० हप्त्यांत कर्ज संपतं आणि भरणा १,६१,९५० होतो. तेव्हा हलवणं वाईट नाही, कर्जाची मुदत पुन्हा वीसवर नेणं वाईट. नव्या ठिकाणचं शुल्क आणि जुन्या ठिकाणी मुदतपूर्व फेडीचा आकार असेल तर तो, हे दोन्ही मिळवून या २५ हजारांच्या फरकातून वजा करा आणि मग ठरवा. त्याआधी सध्याच्या संस्थेलाही लेखी विचारा, नव्या ग्राहकाला आज जो दर देता तो मला द्याल का म्हणून. जुन्या कर्जदारांचा दर अनेकदा न विचारल्यामुळेच चढा राहिलेला असतो.

विम्याचं म्हणाल तर तो हप्ता कर्जात मिळवला की त्यावरही वीस वर्षं व्याज चालतं. २,००० चे ९ टक्क्यांनी ४,३१९ होतात. तो विमा वेगळा भरला असता तर हे वरचे वाचले असते. आता मागे जाता येणार नाही, पण कर्ज हलवताना नवी संस्था पुन्हा असाच विमा पुढे करील. तेव्हा त्याची रक्कम कर्जात मिळवू देऊ नका.

प्रतिसाद ३

वरच्या दोन्ही प्रतिसादांतलं गणित चोख आहे, पण एका मुद्द्यावर माझं मत वेगळं आहे. ‘एकूण व्याज’ म्हणजे कर्जाची खरी किंमत नव्हे.

आजचे हजार आणि वीस वर्षांनंतरचे हजार एकाच रकान्यात लिहून बेरीज केली की आकडा मोठा आणि भीतिदायक दिसतो. महागाई वर्षाला ६ टक्के धरली तर वीस वर्षांनी भरायच्या हजाराची आजची किंमत साधारण ३१२ असते. हप्ता तोच राहतो आणि मिळकत सहसा वाढते, त्यामुळे शेवटचे हप्ते पहिल्यांइतके जड जात नाहीत. तीस वर्षांच्या कर्जात व्याज जास्त जातं हे खरं, पण ते पैसे तुम्ही जास्त काळ वापरलेलेही असतात. भाड्याने राहिला असता तर ते भाडंही गेलंच असतं. म्हणून मुदत लांबवली म्हणजे नुकसानच झालं, असं सरसकट म्हणू नये. न विचारता लांबवली, ही तुमची तक्रार मात्र रास्त आहे.

खरी किंमत काढायची तर मी असं करीन. कर्ज म्हणून हातात प्रत्यक्ष किती आले ते लिहायचं, म्हणजे लाखातून प्रक्रिया शुल्क आणि विम्याचे २,००० वजा करून. मग त्या रकमेवर तुमचा हप्ता कोणत्या दराने जुळतो ते काढायचं. तो दर कागदावरच्या दरापेक्षा नेहमी वर निघतो. दोन संस्थांची तुलना त्या दराने करायची, एकूण व्याजाने नाही. आणि तुलना करताना मुदत दोन्हीकडे सारखी धरायची, एवढं पथ्य पाळलं तरी विक्रेत्याच्या बोलण्यातली निम्मी धूळ खाली बसते.

तुमच्या ५,००० बद्दल. १० टक्क्यांच्या कर्जात भरलेला पैसा खात्रीने १० टक्के वाचवतो. एवढा खात्रीचा परतावा, तोही कर भरून झाल्यावर, दुसरीकडे मिळत असेल तर तिथे ठेवा, नाहीतर कर्जात भरा. फक्त एक अट आहे. कर्जात गेलेला पैसा अडीअडचणीला परत मागता येत नाही. आजारपण आलं किंवा नोकरी गेली तर सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च भागेल एवढं बाजूला असेल तरच भरा. ते नसेल तर हे ५,००० म्हणजे तुमची रात्रीची झोप आहे, त्यांना हात लावू नका.

प्रतिसाद २

पटलं. मी नुसत्या बेरजेवर जोर दिला, ते अपुरं होतं. आगाऊ रक्कम भरलीत तर अर्जावर ‘मुदत कमी करावी’ असं स्वतः लिहा. काही ठिकाणी आपण न सांगितल्यास मुदत तशीच ठेवून हप्ता उतरवतात, आणि मग वाचणारं व्याज बरंच घटतं.

धागाकर्ती

तुम्हा तिघांचे मनापासून आभार. काल रात्री आम्ही दोघांनी बसून स्प्रेडशीटमध्ये सगळं मांडलं. एनपीईआर नावाचं सूत्र वापरलं. त्यात महिन्याचा दर, ऋण चिन्ह लावून हप्ता आणि शिल्लक घातली की उरलेले हप्ते मिळतात. आधी २०७.७ आले, विवरणातल्या २०८ शी जुळले. मग शिल्लकीतून ५,००० वजा करून पाहिले तर १७९.९! दरवाढीने आमच्या माथी जेवढे हप्ते चढले होते तेवढेच या ५,००० नी उतरतात. २८ हप्त्यांचे पंचवीस हजार, त्यातून भरलेले पाच वजा केले तरी वीस हजारांचं व्याज टळतं. ते पुढच्या काळातले वीस हजार आहेत हे तिसऱ्या प्रतिसादामुळे लक्षात ठेवलंय, पण नवऱ्याने तो आकडा बघितला आणि ७९८ च्या हप्त्याचा विषय स्वतःहून सोडला.

सहा महिन्यांची तरतूद मात्र आमच्याकडे पूर्ण नाही, चारच महिन्यांची आहे. म्हणून ५,००० आत्ता भरणार नाही. आधी दर कमी करण्याचा अर्ज दिलाय, त्यासोबत हप्ता ९५३ करून मुदत १८० वर आणा असंही लिहून दिलंय. महिन्याला साडेत्रेपन्न जास्त आम्हाला झेपतील. दोन महिन्यांची तरतूद भरून निघाली की मग शिल्लक कर्जात भरू.

एकच विचारायचं राहिलं. पुढे दर पुन्हा ९ वर आला तर हा वाढवलेला हप्ता संस्था आपोआप कमी करील का?

प्रतिसाद २

करारात काय लिहिलंय त्यावर आहे. कमी केला तर लगेच अर्ज देऊन ९५३ च ठेवायला सांगा. आणि दर बदलल्याचं पत्र आलं की नवं वेळापत्रक मागून घ्या, त्यात शिल्लक मुद्दल आणि उरलेले हप्ते हे दोनच आकडे आधी पाहा.